निजोबाचा पाळणा

बसा. पाठ टेकून बसा, पाय पसरले तरी चालतील. ही दमलेल्या माणसाची गोष्ट आहे, ती ताठ बसून ऐकायची नसते. मध्येच कुणाला डुलकी लागली तर उठवू नका. या गोष्टीत झोपेचा मान मोठा आहे.

फार वर्षांपूर्वी, आपल्या पणजोबांनाही जो काळ जुना वाटायचा त्या काळात, निरगुडवाडीतून एकोणीस गडी उत्तरेच्या लढाईवर गेले. कुणी घोड्यावर गेला, कुणी पायी. कुणाच्या हातात तलवार होती, कुणाच्या हातात नुसता भाला. सटवाजी कोळी मात्र पखाल घेऊन गेला. गावात पाणी भरायचं त्याचं काम, लष्करातही तेच काम. कातड्याची पखाल खांद्याला अडकवायची आणि ज्याला तहान लागेल त्याच्या ओंजळीत धार सोडायची. लढाईत तलवारीची नावं होतात, पखालीचं नाव कुणी घेत नाही. पण मरणारा माणूस तलवार मागत नाही, पाणी मागतो. म्हणून गावच्या जवळजवळ प्रत्येक गड्याचा शेवट सटवाजीच्या कानांनी ऐकला आणि डोळ्यांनी पाहिला.

ती लढाई हरली. बातमी गावात यायला चार महिने लागले, आणि आली तीही उडत उडत. सगळे कापले गेले, कुणी म्हणालं. काही धरून नेले, दुसरं कुणी म्हणालं. गावानं एक वर्ष वाट पाहिली, दोन वर्षं पाहिली. तिसऱ्या वर्षी नारोपंत जोशी म्हणाले, आत्मे अधांतरी ठेवणं बरं नव्हे. मग ओढ्याकाठी पळसाच्या पानांचे पुतळे बांधले, डोक्याच्या जागी नारळ ठेवले आणि एकाच दिवशी सगळ्यांना अग्नी दिला. घराघरांतून बांगड्या फुटल्या. सटवाजीची बायको म्हाळू, तिच्याही फुटल्या.

एकोणीस गेले होते, पण पुतळे अठराच जळाले. हैबतीची बायको चिमाऊ हिनं पुतळा बांधू दिला नाही. कुणी पाहिलंय का त्याला मेलेला, एवढंच तिनं विचारलं. कुणी पाहिलं नव्हतं. मग मी कुंकू पुसणार नाही, म्हणाली आणि घरात गेली. बायका नाकं मुरडायच्या. सणाला तिला सवाष्ण म्हणून बोलवावं की नाही, याचा घोळ दरवर्षी व्हायचा आणि दरवर्षी तिला बोलवायचं राहून जायचं.

आता ऐका गंमत. पितृपंधरवड्यात अठरा घरांची अठरा पानं ओढ्याकाठी मांडली जायची आणि एकाही पानाला कावळा शिवायचा नाही. कावळे यायचे, फांदीवर बसायचे, माना वाकड्या करून बघायचे आणि उडून जायचे. दुपार टळायची, शेवटी दर्भाचा कावळा करून नारोपंत पानांना शिववायचे. असं सहा वर्षं चाललं. सतरा जणांना काहीतरी सांगायचं राहिलं होतं आणि अठरावा मेलाच नव्हता. कावळ्यांना हे कळत होतं, असं म्हणतात. जोशीबुवांना कळत नव्हतं.

नवव्या वर्षी श्रावण सरता सरता एक माणूस उत्तरेच्या वाटेनं आला आणि शिवेवरच्या करंजाखाली उभा राहिला. अंगाची काठी, दाढीत धूळ, पायात लोखंडी कड्याचा काळा वण. खांद्यावर पखाल होती आणि ती काठोकाठ भरलेली होती. गुराख्यांनी हाक मारून विचारलं, कोण रे तू? तो म्हणाला, सटवाजी कोळी. गुराखी गुरं टाकून गावात पळाले. सटवाजी कोळ्याला जळून सहा वर्षं झाली होती.

सगळा गाव शिवेवर आला, पण झाडापासून वीस पावलांवर थांबला. म्हाळू पुढं यायला लागली तर नारोपंतांनी तिला हात आडवा केला. ज्याचा अग्निसंस्कार झाला तो मेला. मेलेला माणूस गावात शिरला तर गावाला बाधा. तेव्हा आधी पोथी बघू.

पोथी दोन दिवस बघितली. ते दोन दिवस सटवाजी करंजाखाली बसून होता. त्याला कशाचाच राग आला नाही. रागाला जोर लागतो. चौदा महिने चालून तो आला होता आणि चालताना त्याच्या मनात एकच जागा होती. घरात धान्याच्या कणगीच्या मागं एक कोपरा होता, तिथं वारा लागायचा नाही. तिथं घोंगडी टाकून पडायचं, बस. लढाईच्या दिवसापासून त्याच्या डोळ्याला डोळा लागला नव्हता, असं म्हणतात. नऊ वर्षं. डोळे मिटले की कुणीतरी पाणी मागायचं.

तिसऱ्या दिवशी नारोपंत आले आणि लांबूनच म्हणाले की उपाय आहे. मेल्या माणसाला परत यायचं तर पुन्हा जन्माला यावं लागतं. अंगाला तूप माखायचं, पाळण्यात घालायचं, नवं नाव ठेवायचं आणि मग आपल्याच बायकोशी पुन्हा लग्न लावायचं. एक अट मात्र पक्की होती. नव्या जिवाला मागला जन्म आठवत नसतो. आठवला तरी तोंडातून काढायचा नाही. एक शब्द काढला की केलेलं सगळं फुकट.

म्हाळू म्हणाली, उद्याच करा. तिनं तूप काढूनसुद्धा ठेवलं होतं.

सटवाजीनं मान हलवली. त्यानं सांगितलं की सतरा घरांची माणसं माझ्यापाशी आहेत. ज्याचं त्याला दिल्याशिवाय मी जन्माला येत नाही. मेलेला आहे तोवरच मला बोलता येईल, तर मेलेलाच राहतो. ज्याला विचारायचं त्यानं येऊन विचारावं.

नारोपंतांनी बोटं मोजून मुदत दिली. घटस्थापनेला देवीचे घट बसतात, तेव्हा शिवेवर प्रेत असून चालायचं नाही. घट बसायच्या आत जन्म घे, नाहीतर आल्या वाटेनं परत जा.

त्या दिवसापासून करंजाखाली हकीकती सुरू झाल्या. एकेक घर यायचं, वीस पावलांवर बसायचं. सटवाजी आधी पखालीतलं ओंजळभर पाणी दगडाच्या खळग्यात सोडायचा, ऐकणाऱ्यानं ते प्यायचं, मग तो बोलायचा. ते पाणी प्यायलं की दाताखाली त्या मैदानातली रेती कचकचायची, असं म्हणतात. आणि ज्या दिवशी तो लष्करातल्या भुकेची हकीकत सांगायचा, झाडांचा पाला कसा संपला, घोड्यांनी एकमेकांच्या शेपट्या कशा कुरतडल्या, त्या दिवशी गावात एकाही चुलीवर भाकरी फुगायची नाही.

पहिला आला सुभाना. त्याचा मुलगा गोंदाजी मोठा पैलवान होता, पाच गावांत त्याच्या पाठीला माती लागली नव्हती. सुभाना छाती काढून बसला आणि म्हणाला, सांग, किती जणांना लोळवून पडला माझा वाघ? सटवाजीनं सांगितलं, एकालाही नाही. लढाईच्या आधी आठ दिवस त्याला हगवण लागली. घाण पाणी प्यायला होता सगळा तळ. शेवटी त्याला उठवत नव्हतं, मी त्याला धुवायचो. शेवटच्या दिवशी म्हणाला, आमच्या आप्पाला सांग, मी शत्रू बघितलासुद्धा न्हाय.

सुभाना तांबडालाल झाला. खोटारडा, भ्याड, नाही नाही ते बोलला, दगड उचलला, तो फेकायचं मात्र त्याच्या हातून झालं नाही, आणि निघून गेला. तीन दिवस आला नाही. चौथ्या दिवशी गुळाचा खडा आणि तांब्या घेऊन आला, वीस पावलांवर ठेवला आणि विचारलं, फार त्रास झाला का रं त्याला? सटवाजी म्हणाला, शेवटी न्हाय झाला. सुभाना तिथंच बसून राहिला. संध्याकाळी त्यानं ओढ्याकाठी पान मांडलं आणि हात मागं घेतो न घेतो तोच कावळा शिवला.

कुशाबाच्या आईनं लढाईचं काहीच विचारलं नाही. म्हातारीनं एवढंच विचारलं, त्या दिवशी पोटात काही होतं का त्याच्या? सटवाजी म्हणाला, सकाळी मूठभर फुटाणे वाटणीला आले होते, त्यातले निम्मे त्यानं घोड्याला घातले. म्हातारी म्हणाली, तसाच होता तो. आणि उठून गेली. तिच्याही पानाला कावळा शिवला.

राणू कुंभाराची बायको सगळ्यांच्या नंतर, एकटी आली. तिला लोकांनी सांगितलं होतं की तिचा नवरा पळाला. सटवाजी म्हणाला, "पळाला. मीबी पळालो. समदेच पळाले, वैनी. तो माझ्यापेक्षा हळू पळाला, म्हणून मी हितं हाय आन तो न्हाय."

अशा सतरा हकीकती झाल्या. त्यानं एकही वाढवली नाही, एकही गोड केली नाही. दिवसेंदिवस त्याचा आवाज खाली जात होता. पुढंपुढं लोकांना वीस पावलांवरून ऐकू येईना, तेव्हा ते सरकत सरकत जवळ येऊ लागले. आधी पंधरा पावलं, मग दहा, मग पाच. नारोपंतांनी ते पाहिलं आणि पाहिलं नाहीसं केलं. त्यांचाही एक भाचा त्या सतरांत होता.

बायकांचं ऐकणं वेगळं असतं. पुरुष हकीकत ऐकून उठले की हळहळून कामाला लागत. बायका ती जात्यावर नेत. दळताना एक म्हणे, दुसरी पुढची ओळ जोडे. हा माणूस जन्माला आला की मुका होणार, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं, म्हणून त्याचं बोलणं त्या दाण्यादाण्यानं वेचून ठेवत होत्या.

म्हाळू रोज दुपारी भाकरी आणायची. मेलेल्याला वाढतात तसं पानावर वाढायचं, पान जमिनीवर ठेवायचं आणि मागं सरायचं, असा नेम होता. तिच्या हातात काचेची एक बांगडी नव्हती. नऊ वर्षांमागं गेलेला नवरा पाच पावलांवर बसलेला, आणि हात लावायची सोय नाही. ती त्याला जेवताना बघायची. पहिला घास तो हातातच धरून बसायचा, मग आठवल्यासारखा खायचा. पखाल खांद्यावरून काढायचा नाही. जेवतानाही नाही. पट्ट्यानं खांद्याचं कातडं सोलून निघालं होतं. ती म्हणायची, ठेवा की खाली. तो म्हणायचा, ठेवतो.

पितृपंधरवडा लागला. सतरा घरांची सतरा पानं कावळ्यांनी एका सकाळीत उरकली. आता सांगायचं काही उरलं नाही, असं सगळ्यांना वाटलं. पाटलांनी सुताराला पाळणा करायला सांगितला. एवढ्या मोठ्या बाळाला पाळणा कुठला मिळायला? सुतारानं मोडक्या बैलगाडीची साटी, म्हणजे माल भरायची चौकट, काढली, तिला चार कड्या ठोकल्या आणि विहिरीच्या मोटेचे नाडे बांधून ती करंजाला टांगली. पोरं तिच्यात बसून झोके घ्यायला लागली.

सटवाजी पाळण्यात बसेना.

अजून एक घर राहिलंय, तो म्हणाला. कोणतं घर, हे विचारायची गरज नव्हती. चिमाऊ एकदाही शिवेवर आली नव्हती. गुरं वळायला जातानासुद्धा ती दुसऱ्या वाटेनं जायची. न विचारण्यात तिचा नवरा जिता होता, विचारलं की काय होईल याचा भरवसा नव्हता.

पाटील म्हणाले, तिनं विचारलं नाही हा तिचा प्रश्न. नारोपंत म्हणाले, न मागितलेलं दान द्यायचं बंधन नाही. आणि म्हाळू, जिनं महिनाभर तक्रारीचं अवाक्षर काढलं नव्हतं, ती त्या दिवशी पानाच्या पलीकडं खाली बसली आणि म्हणाली, "गावाचं समद्यांचं झालं. आमचं कवा व्हायचं? मी काय दगड हाय?"

सटवाजीला तिच्याकडं बघवेना. त्याला घर हवं होतं. कणगीमागचा कोपरा हवा होता. समोर बसलेल्या बाईचा नुसता हात हातात घ्यायला मिळाला असता तरी त्याला पुष्कळ झालं असतं. तो म्हणाला, "तिनं आज न्हाय इचारलं म्हणून उद्या इचारणार न्हाय असं थोडंच हाय? धा वर्सांनी इचारंल. तवा मी तिच्यासमोर मुका बसू? तिची वस्तू माझ्यापाशी हाय, म्हाळू. ती घिऊन मला तुझ्या घरात न्हाय निजता येणार."

म्हाळूनं पान उचललं आणि ती गेली. घरी मात्र गेली नाही.

ती चिमाऊच्या दारात गेली, असं म्हणतात. आत काय बोलणं झालं हे कुणी ऐकलं नाही. काही जण सांगतात म्हाळू भांडली, काही जण सांगतात पाया पडली. माझी आजी म्हणायची की दोघी काहीच बोलल्या नाहीत. म्हाळूनं आपले दोन रिकामे हात चिमाऊच्या हिरव्या बांगड्यांशेजारी ठेवले आणि तशीच बसून राहिली. मला आजीचं खरं वाटतं.

दुसऱ्या दिवशी सर्वपित्री अमावास्या होती. मुदतीचा शेवटचा दिवस. भर दुपारी चिमाऊ शिवेवर आली. कपाळाला कुंकू, हातात बांगड्या, पदर नीट घेतलेला. सगळा गाव मागं उभा होता. ती पाच पावलांवर थांबली नाही. सरळ त्याच्या पुढ्यात जाऊन उभी राहिली आणि मेला आहे की जिता, हे न विचारता दुसरंच विचारलं.

"भावजी, ही पखाल कुणासाठी भरून ठिवलीया?"

सटवाजीनं वर पाहिलं. सतरा घरांनी त्याला प्रश्न विचारले होते, हा कुणीच विचारला नव्हता.

तो म्हणाला, "हैबतीनं पानी मागितलं व्हतं."

मग त्यानं सांगितलं. दुपार कलली होती, पळापळ होऊन गेली होती. हैबती मोडलेल्या तोफगाड्याला टेकून बसला होता, मांडीत घाव होता, पण बोलत होता. पाणी दे म्हणाला. पखाल उलटी केली तर तिच्यात थेंब नव्हता, सगळी वाटून झाली होती. सटवाजी म्हणाला, बस, आलो भरून. हैबती म्हणाला, ये, मी हितंच हाय. पाट लांब नव्हता, पण मध्ये शत्रूचे स्वार आले. झाडीत पडून राहावं लागलं. भरलेली पखाल घेऊन तो गाड्यापाशी आला तेव्हा गाडा होता, मातीत रक्त होतं आणि हैबती नव्हता. आसपासची मढी त्यानं एकेक उलटवून पाहिली. त्यांत तो नव्हता. तेवढ्यात सटवाजीला धरलं. धरणाऱ्यांनीच त्या पखालीतलं पाणी पिऊन टाकलं. पुढं साडेसात वर्षं पायात कडं घालून तो परक्यांच्या रहाटावर पाणी ओढत होता. सुटला तेव्हा त्यानं पहिल्यांदा पखाल मिळवली आणि भरली. वाटेत जिथं नदी लागेल तिथं शिळं पाणी ओतलं, ताजं भरलं.

"म्हंजे मेलेला न्हाय बघितला तुमी," चिमाऊ म्हणाली.

"न्हाय."

"जिता?"

"ठावं न्हाय, वैनी. मला येवढंच ठावं हाय. येतो म्हनलो व्हतो आन वेळेवर आलो न्हाय."

लोकांना वाटलं, आता ही किंचाळेल, नाहीतर याला शाप देईल. नऊ वर्षं वाट पाहून हाती काय आलं, तर ठाऊक नाही. पण चिमाऊ त्याच्या खांद्याकडं बघत होती. पट्टा मांसात रुतला होता, त्याच्या कडेनं जुनं रक्त वाळलं होतं. ती खाली बसली, पदर सावरला आणि दोन्ही हातांची ओंजळ पुढं केली.

"त्यांच्या वाटचं मला पाजा," ती म्हणाली.

सटवाजीनं पखालीचं तोंड सोडलं. चिमाऊ प्याली. सतरा घरांना दिलं तरी ती पखाल तसूभर उतरली नव्हती, असं म्हणतात, पण त्या ओंजळीत ती उतरायला लागली. चिमाऊ पीत राहिली, थांबली, दम घेतला, पुन्हा प्याली. एका बाईच्या पोटात एवढं पाणी मावत नाही. पण ती एका जणाचं पीत नव्हती. शेवटची धार थेंबांवर आली, थेंब तुटले, आणि पखाल वाळल्या भोपळ्यासारखी चपटी झाली. सटवाजीनं ती खांद्यावरून काढली आणि जमिनीवर ठेवली. महिनाभरात पहिल्यांदा.

चिमाऊनं तोंड पुसलं. म्हणाली, "भागली."

मग सटवाजीला जांभई आली. मोठी, जबडा दुखेल अशी. मागं उभ्या असलेल्या पोरांनाही जांभया आल्या, गुरांना आल्या, असं म्हणतात. नारोपंतांनाही आली, पण ते घाईत होते. घट बसायला एक दिवस उरला होता.

त्याच दुपारी जन्म झाला. अंगाला तूप माखलं. गाडीच्या साटीत म्हाळूचं जुनं लुगडं अंथरलं आणि सटवाजीला त्यात निजवलं. नारोपंत म्हणाले, जन्मलेल्या जिवाला रडावं लागतं, त्याशिवाय जन्म धरत नाहीत. सटवाजीला रडता येईना. कसं रडतात हेच तो विसरला होता. तेव्हा म्हाळू पुढं झाली. आता तिला कुणी अडवलं नाही. तिनं त्याच्या सोललेल्या खांद्यावर तळहात ठेवला, नुसता ठेवला, आणि तो रडला. पाळण्याचे नाडे करकरेपर्यंत रडला. सतरा घरं त्याच्याबरोबर रडली. ओढ्याचं पाणी त्या दिवशी वीतभर चढलं, असं म्हणतात.

बारशाला नाव ठेवायला आत्या लागते. त्याची आत्या कधीच वारली होती. बायकांनी एकमेकींकडं पाहिलं आणि चिमाऊला पुढं केलं. जिला नऊ वर्षं कुणी सवाष्ण म्हणून बोलावलं नव्हतं, ती त्या बाळाची आत्या झाली. तिनं पाळण्यात वाकून त्याच्या कानात नाव सांगितलं आणि तो झोपला. तिनं कानापासून तोंड बाजूला घ्यायच्या आत झोपला. काय नाव ठेवलं, बायकांनी विचारलं. ती म्हणाली, निजोबा.

दुसऱ्या दिवशी घट बसले, पण ढोल वाजला नाही. गावानं जाती बंद ठेवली, उखळं बंद ठेवली. देवळातल्या घंटेच्या लोलकाला फडकं बांधलं. आरती ओठांतल्या ओठांत म्हटली. पाटलांनी चौथ्या माळेला विचारलं, उठवायचं का? लग्न लावायचं राहिलंय. चिमाऊ म्हणाली, "झोपू द्या. नऊ वर्सांची हाय." बायका आळीपाळीनं नाडा ओढत होत्या आणि पाळणा म्हणत होत्या. नेहमीच्या पाळण्यात देवाचं बाळपण असतं. त्यांच्याजवळ दुसरंच होतं, जात्यावर वेचून ठेवलेलं. तेच त्या म्हणत गेल्या. हा माणूस आता बोलणार नव्हता, म्हणून त्याची हकीकत त्यालाच अंगाई म्हणून ऐकवली.

नऊ दिवस तो झोपला, असं म्हणतात. कोंबडे आरवले नाहीत आणि करंजाचं एक पान गळलं नाही. दसऱ्याला सकाळी त्यानं डोळे उघडले. पहिला शब्द बोलला, "पानी." त्या लढाईपासून त्यानं स्वतःसाठी पाणी मागितलं नव्हतं. म्हाळूनं तांब्या तोंडाला लावला. त्याच दिवशी लग्न लागलं आणि म्हाळूच्या हातात हिरवा चुडा चिमाऊनं भरला.

पुढं निजोबा खूप वर्षं जगला. गावात पाणी भरायचा, कणगीमागं झोपायचा. मागल्या जन्माचं त्यानं कधी काही काढलं नाही. कुणी म्हणतात त्याला खरंच आठवत नव्हतं. संध्याकाळी मात्र चिमाऊ एक भरलेली घागर करंजाखाली ठेवायची आणि सकाळी तो ती ओतून ताजी भरायचा. का भरतोस, असं त्याला कुणी विचारलं नाही. हैबती आला नाही. चिमाऊ म्हातारी होऊन गेली, कुंकवासकट गेली.

झाड आता तिसरं आहे, म्हणजे त्याच मुळाचं. गाडीची साटी किती वेळा बदलली याची मोजदाद नाही. घागर रोज भरली जाते. हल्ली पितळेची असते, साखळीनं बांधलेली. आमच्या गावची बरीच पोरं फौजेत आहेत. रजेवर आलेला जवान एसटीतून उतरला की घरी जात नाही, आधी करंजाखाली येतो. बॅग खाली ठेवतो, बूट काढतो, पाळण्यात बसतो. घरातली बाई त्याला ओंजळीनं पाणी पाजते. कुठं होतास, काय बघितलंस, असं तिथं कुणी विचारायचं नसतं. पुढं कधी त्याला वाटलं आणि तो बोलू लागला तर सगळ्यांनी बसून ऐकायचं आणि त्याचं बोलणं दुरुस्त करायचं नाही. पण आधी झोप.

तो डोळे मिटतो आणि बायका पाळणा म्हणतात. त्यात सतरा कडवी आहेत, सतरा जणांची. आजही एक शब्द इकडचा तिकडं करत नाहीत.

गोंदाजी पैलवान पोटानं खचला,
वैरी न बघता मातीत निजला,
आप्पा तो ऐकाया शिवेला बसला,
जो बाळा जो जो रे जो.

सतरावं कडवं संपलं की नवखा माणूस उठायला लागतो. त्याला हातानं खाली बसवतात. अठरावं कडवं हैबतीचं आहे आणि त्याला शब्द नाहीत. जे कुणाला ठाऊक नाही ते बायका गात नाहीत. एका कडव्याला लागतो तेवढा वेळ त्या गप्प बसून नाडा ओढत राहतात. पाळणा करकरतो, शेजारी घागर भरलेली असते. मग म्हणतात, जो बाळा जो जो रे जो, आणि घरी जातात.